चित्राआडचं माणूस

1 जुलै 2021 ची रात्र. यूट्यूबवर एक ड्रॅगनकन्या निरोप घेत होती. डोक्यावर शिंगं, लांब सोनेरी-नारिंगी केस, मागे जाडजूड शेपूट आणि नाव किर्यू कोको. तिने गाणी म्हटली, सोबतिणी एकेक करून मंचावर येऊन तिला भेटल्या. जवळपास पाच लाख लोक तो कार्यक्रम एकाच वेळी थेट पाहत होते. बाजूच्या चॅटमध्ये जपानी, इंग्रजी, इंडोनेशियन अशा कितीतरी भाषांमधले निरोप इतक्या वेगाने सरकत होते की एक ओळ वाचावी तोवर ती नाहीशी झालेली असे. अनेकांनी रडत असल्याचं लिहिलं.

कोको हे एक चित्र होतं. चित्र कुठे जाणार नव्हतं, ते कंपनीच्या मालकीचं होतं. जाणार होती ती दीड वर्ष त्या चित्राला आवाज देणारी, हसवणारी, शिव्यांनाही तोंड देणारी व्यक्ती. तिचं खरं नाव, खरा चेहरा प्रेक्षकांना अधिकृतपणे कधीच सांगितला गेला नव्हता. तरी त्या रात्री पाच लाख माणसं निरोप द्यायला आली ती तिलाच.

या कलावंतांना 'व्हीट्यूबर' म्हणतात. व्हर्च्युअल यूट्यूबर या शब्दाचं हे लघुरूप. आता ते ट्विच, बिलिबिली अशा इतर मंचांवरही दिसतात, पण नाव तेच राहिलं. काम सांगायला सोपं आहे: कॅमेऱ्यासमोर माणूस बसतो, पडद्यावर त्याच्याऐवजी एक रेखाटलेलं पात्र दिसतं. माणूस मान वळवतो तेव्हा पात्राची मान वळते. माणसाला हसू फुटलं की पात्रही हसतं. बाकी सगळं, म्हणजे गप्पा, गाणी, व्हिडिओ गेम खेळणं, रात्री दोन वाजता भूक लागल्याची तक्रार, हे थेट आणि खरं असतं.

जपानला या कल्पनेची पूर्वतयारी होती. साप्पोरोच्या क्रिप्टन फ्यूचर मीडिया या कंपनीने 2007 मध्ये हात्सुने मिकू हे निळ्या-हिरव्या वेण्यांचं पात्र बाजारात आणलं. ते गाणं तयार करणाऱ्या संगणकप्रणालीचं मुखपृष्ठ होतं. पुढे मिकूच्या मैफली भरल्या, हजारो लोक पडद्यावरच्या प्रतिमेसमोर रंगीत दिवे हलवू लागले. पण मिकूच्या आत कोणी नव्हतं. ती प्रेक्षकांना उत्तर देऊ शकत नव्हती.

उत्तर देणारी आली ती 2016 च्या नोव्हेंबरअखेरीस. केसांवर गुलाबी फीत बांधलेली किझुना आय स्वतःला कृत्रिम बुद्धिमत्ता म्हणवून घ्यायची, आणि 'व्हर्च्युअल यूट्यूबर' हा शब्द तिनेच रूढ केला. 2018 मध्ये जपानच्या पर्यटन संस्थेच्या न्यूयॉर्क कार्यालयाने तिला देशाची प्रचारदूत नेमलं. तिच्यासह सुरुवातीच्या बिनीच्या शिलेदारांना चाहत्यांनी 'चार राजे' असं नाव दिलं, आणि मोजले तर ते पाच निघाले.

त्या पाचांतला नेकोमासू वेगळा होता. रूप कोल्ह्याचे कान असलेल्या छोट्या मुलीचं आणि आवाज सरळ पुरुषाचा, जराही न बदललेला. त्या रूपात तो आपल्या दुकानातल्या अर्धवेळ नोकरीतली दमणूक सांगायचा. बालगंधर्वांच्या महाराष्ट्राला पुरुषाने स्त्रीरूप घेणं नवं नाही. पण बालगंधर्वांच्या कलेचा कस पुरुष विसरायला लावण्यात होता. नेकोमासूचं चित्र आणि आवाज यांतली फट उघडीच होती, आणि लोक त्या फटीतून येणाऱ्या माणसाच्या गोष्टी ऐकायला थांबले. पुढे या क्षेत्रात जे घडलं त्याचं बीज इथे आहे.

तोवर हे काम खर्चाचं होतं. अंगभर संवेदक लावायचे, त्रिमितीय प्रतिमा हलवायची, चित्रफीत संपादित करून टाकायची. 2017 च्या नोव्हेंबरमध्ये आयफोन एक्स बाजारात आला आणि गणित बदललं. चेहरा ओळखून कुलूप उघडण्यासाठी या फोनचा कॅमेरा चेहऱ्यावर तीस हजारांहून अधिक अदृश्य प्रकाशबिंदू टाकतो आणि चेहऱ्याचा उंचसखलपणा मोजतो. तीच मोजणी चित्र हलवायला वापरता येते, हे इचिकारा नावाच्या एका तरुण कंपनीने हेरलं. फेब्रुवारी 2018 मध्ये तिने 'निजिसान्जी' हा चमू उतरवला. फोन समोर ठेवायचा, घरातून बोलायला लागायचं. त्या चमूतली शाळेची वर्गप्रमुख त्सुकिनो मितो अखंड बडबडीने बघता बघता गाजली. संपादित चित्रफितींचा काळ मागे पडून थेट प्रक्षेपणाचा सुरू झाला. इचिकारा आज 'एनीकलर' या नावाने ओळखली जाते.

दुसरी मोठी कंपनी म्हणजे मोतोआकी तानिगो यांनी 2016 मध्ये स्थापन केलेली 'कव्हर'. तिची पहिली कलावंत तोकिनो सोरा 7 सप्टेंबर 2017 रोजी पहिल्यांदा थेट आली तेव्हा समोर 13 प्रेक्षक होते. कव्हरचा 'होलोलाइव्ह' हा चमू आज जगभर माहीत आहे. कोको त्याच चमूतली.

पडद्यावरचं हे चित्र सहजपणे हलतं, म्हणून ते बनवणंही सहज असेल असं वाटतं. प्रत्यक्षात चित्रकार जे चित्र काढतो ते एकसंध नसतं. डावी पापणी वेगळी, उजवी वेगळी, बुबुळ वेगळं, बुबुळातली चमक वेगळी, वरचा ओठ, खालचा ओठ, दात, जीभ, कपाळावरची प्रत्येक बट वेगळी. केसांखाली झाकलेलं कपाळही पूर्ण रंगवावं लागतं, कारण मान वळली की बट सरकते आणि मागे कोरी जागा दिसली तर सगळा खेळ संपला. मग हे तुकडे 'रिगर' या दुसऱ्या कारागिराकडे जातात. तो प्रत्येक तुकड्यावर जाळी बसवतो आणि 'लाइव्हटूडी' या जपानी प्रणालीत एकेक हालचाल नोंदतो: मान डावीकडे तीस अंशांपर्यंत वळली तर नाक किती सरकेल, लांबचा कान कुठे लपेल, वेणी किती उशिराने हेलकावे घेईल. वेणी मानेबरोबरच हलली तर ती लाकडी वाटते. क्षणभर मागे राहून आली तर केसांना वजन आल्यासारखं वाटतं. एका चेहऱ्यामागे असे आठवडेच्या आठवडे जातात.

व्हीट्यूबरांच्या बोलीत चित्रकाराला 'मामा' म्हणतात. जपानीत मामा म्हणजे आई. रिगरला 'पापा' म्हणतात. पहिल्याच प्रक्षेपणात आपल्या 'आई'चं नाव घेऊन आभार मानायची रीत आहे, आणि चांगल्या 'आई'चं नावच नव्या पात्राकडे पहिले प्रेक्षक खेचून आणतं.

या दोन कारागिरांशिवाय एक तिसरा हात राबतो, तो प्रेक्षकांचा. तीन-चार तासांचं जपानी प्रक्षेपण कोणी परदेशी माणूस एरवी का पाहील? चाहते त्यातले दोन मिनिटांचे गमतीचे तुकडे कापतात, खाली इंग्रजी किंवा इंडोनेशियन मजकूर लिहितात आणि टाकून देतात. जपानीत या तुकड्यांना 'किरिनुकी' म्हणतात. होलोलाइव्हला जपानबाहेरचा पहिला मोठा प्रेक्षक मिळाला तो या हौशी अनुवादकांमुळे. ससुल्याच्या कानांची उसादा पेकोरा आणि इंडोनेशियाची मूना होशिनोवा या दोघी 2020 मध्ये माइनक्राफ्ट या व्हिडिओ गेमच्या जगात भेटल्या. एकीला इंग्रजी जेमतेम येत होतं, दुसरीचं जपानी अडखळत होतं. मोडक्या शब्दांतून, हातवाऱ्यांतून, एकमेकींना वस्तू देत घेत त्यांची मैत्री जमली आणि दोन देशांतले प्रेक्षक ती मैत्री एकमेकांना समजावून सांगत बसले.

त्याच वर्षी कोविडने जगाला घरात कोंडलं. नाट्यगृहं बंद, मैफली बंद, मित्रांचे कट्टे बंद. रोज ठरलेल्या वेळी येऊन बोलणारं, चॅटमध्ये लिहिलेलं नाव वाचून हाक मारणारं कोणीतरी असणं ही तेव्हा मोठी गोष्ट होती. ऑक्टोबर 2020 पर्यंत यूट्यूबवर व्हीट्यूबरांच्या चित्रफिती महिन्याला 150 कोटी वेळा पाहिल्या जात होत्या. सप्टेंबर 2020 मध्ये होलोलाइव्हचा पहिला इंग्रजी चमू आला. त्यातल्या शार्कच्या वेशातल्या गॉर गुराने दीड महिन्याच्या आत दहा लाख सदस्यांचा टप्पा गाठला आणि 2021 च्या उन्हाळ्यात खुद्द किझुना आयला मागे टाकलं.

पैशाचं गणित मराठी वाचकाला लगेच उमगेल. तमाशात दौलतजादा असते: पैसे पुढे करायचे आणि देणाऱ्याचं नाव मंचावरून पुकारलं जायचं. यूट्यूबने 2017 मध्ये सुरू केलेला 'सुपरचॅट' त्याच जातीचा आहे. पैसे देऊन लिहिलेली ओळ रंगीत होऊन वर थांबते. रक्कम वाढते तसा रंग बदलतो, आणि दहा हजार येनपासून पुढे लाल. प्रक्षेपणाच्या शेवटी किंवा स्वतंत्र बैठकीत अनेक कलावंत देणाऱ्यांची नावं एकेक करून वाचतात. हे वाचन कधी कधी तासाहून अधिक चालतं, आणि आपलं नाव येईल म्हणून लोक जागत बसतात. प्लेबोर्ड या संकेतस्थळाच्या नोंदींनुसार 2020 मध्ये सुपरचॅटमधून जगात सर्वाधिक कमावणाऱ्या दहा वाहिन्यांपैकी सात व्हीट्यूबरांच्या होत्या आणि पहिली कोकोची.

तरीही आज या धंद्याचा कणा सुपरचॅट नाही. किल्ल्यांना लावायच्या साखळ्या, ॲक्रिलिकच्या उभ्या प्रतिमा, वाढदिवसानिमित्त ध्वनिमुद्रित केलेले निरोप, मैफलींची तिकिटं आणि जाहिराती यांतून मोठा पैसा येतो. एनीकलर 2022 मध्ये टोकियोच्या शेअर बाजारात उतरली, कव्हर 2023 मध्ये. मार्च 2025 ला संपलेल्या वर्षात कव्हरची विक्री सुमारे 4,340 कोटी येन होती, तर एप्रिल 2025 ला संपलेल्या वर्षात एनीकलरची सुमारे 4,290 कोटी येन. कव्हरने जवळपास 270 कोटी येन घालून स्वतःचा चित्रीकरण-स्टुडिओ उभारला. जुलै 2024 मध्ये लॉस एंजेलिसच्या डॉजर स्टेडियममध्ये होलोलाइव्हच्या तिघी बेसबॉल सामन्याच्या विशेष पाहुण्या म्हणून मोठ्या पडद्यावर झळकल्या.

त्या तिघींतली एक होशिमाची सुइसेई. तिची कहाणी या क्षेत्रातल्या नवोदितांना तोंडपाठ असते. मार्च 2018 मध्ये ती एकटीच उतरली, मागे कोणतीही कंपनी नव्हती. स्वतःचं पात्र तिने स्वतः रेखाटलं होतं. पुढे ती कव्हरच्या संगीत-विभागात आणि 2019 च्या अखेरीस होलोलाइव्हमध्ये आली. जानेवारी 2023 मध्ये 'द फर्स्ट टेक' या प्रसिद्ध जपानी वाहिनीवर ती गायली. एका दमात, एकाच प्रयत्नात गाणं म्हणायचं ही त्या वाहिनीची अट आहे, आणि तिथे गाणारी ती पहिली व्हीट्यूबर होती. 1 फेब्रुवारी 2025 रोजी टोकियोच्या निप्पोन बुदोकानमध्ये तिची एकटीची मैफल झाली. बीटल्स 1966 मध्ये जिथे गायले तेच हे सभागृह. जपानी गायकासाठी तिथे गाणं म्हणजे आयुष्याचं सार्थक. प्रेक्षकांनी निळे दिवे हलवले ते चित्रासमोर, पण सूर लावणारा गळा खरा होता आणि दम लागत होता तोही खरा.

चित्र खोटं आणि माणूस खरा, हे प्रेक्षकाला पहिल्या दिवसापासून ठाऊक असतं. ओसाकाच्या बुनराकू बाहुलीनाट्यात एका बाहुलीला तीन माणसं नाचवतात. दोघांचे चेहरे काळ्या बुरख्याआड असतात, पण मुख्य सूत्रधार बहुतेकदा उघड्या चेहऱ्याने उभा राहतो. मराठी माणसाने अर्धवटरावांच्या शेजारी बसलेले रामदास पाध्ये पाहिलेले आहेत. बाहुलीवर जीव लावताना तिच्यामागच्या हाताचा विसर पडावा लागत नाही. विसर पडतो तो बहुधा बाहुलीच्या मालकांना.

किझुना आयच्या बाबतीत तो पडला. 2019 मध्ये तिच्या चालकांनी एकाच रूपाला अनेक आवाज दिले. पात्र एकच, तर आत कोणीही बसलं तरी चालेल, असा तो हिशेब. चाहत्यांनी पहिला आवाज पुसला जातोय म्हणून संताप व्यक्त केला, अनेकांनी पाठ फिरवली. अखेर 2020 मध्ये मूळ आवाज नोझोमी कासुगा यांचा असल्याचं जाहीर झालं आणि पात्राच्या वाटचालीत त्यांना सल्लागाराचं स्थान मिळालं. 2022 च्या फेब्रुवारीत मैफल करून किझुना आय दीर्घ विश्रांतीवर गेली आणि 2025 मध्ये परतली, त्याच आवाजासह.

चीनमध्ये 2022 च्या मे महिन्यात 'ए-सोल' या पाच जणींच्या आभासी गायनचमूतली कॅरोल काम थांबवणार असल्याचं अचानक जाहीर झालं. आतल्या मुलीला तुटपुंजा पगार आणि अतोनात काम होतं, असा आरोप चाहत्यांनी केला. चमू चालवणाऱ्या कंपन्यांनी तो नाकारला, पण चाहते कामगारांचे हक्क आणि कामाचे तास यांवर बोलायला लागले होते. ऑक्टोबर 2024 मध्ये जपानच्या व्यापार आयोगाने कव्हरवर ठपका ठेवला: 23 कारागिरांकडून एकूण 243 वेळा मोबदला न देता काम पुन्हा करून घेतलं गेलं होतं. वेणी क्षणभर मागे ठेवणारे ते 'मामा' आणि 'पापा' याच वर्गातले कारागीर.

कलावंताने कंपनी सोडली की पात्र कंपनीकडे राहतं. नाव, रूप, कधी कधी सगळ्या चित्रफितीही. माणूस रिकाम्या हाताने बाहेर पडतो आणि अनेकदा काही महिन्यांनी दुसऱ्या रूपात येतो. चाहते याला 'तेन्सेई' म्हणतात. त्याचा अर्थ पुनर्जन्म. 'अवतार' हा शब्द जगाला देणाऱ्या भाषाकुळातल्या वाचकाला तो समजवावा लागणार नाही. आवाज ओळखीचा वाटतो, हसण्याची लकब तीच असते, पण जुनं नाव उच्चारायचं नाही हा अलिखित नियम बहुतेक प्रेक्षक मनापासून पाळतात. 2025 मध्ये गुरा निघाली तेव्हा तिची सदस्यसंख्या 47 लाखांच्या वर होती. ती सगळी त्या रूपाच्या खात्यावर.

न्यायालयांनी मात्र आतल्या माणसाला ओळखलं आहे. ऑगस्ट 2022 मध्ये ओसाका जिल्हा न्यायालयाने एका खटल्यात असं धरलं की व्हीट्यूबरच्या पात्राला उद्देशून केलेला अपमान हा आतल्या व्यक्तीचा अपमान ठरू शकतो, आणि लिहिणाऱ्याची माहिती उघड करायला सांगितलं. दक्षिण कोरियात 'प्लेव्ह' हा पाच तरुणांचा आभासी गायनचमू आहे. 2024 च्या मार्चमध्ये त्याने दूरचित्रवाणीच्या संगीत-कार्यक्रमात हाडामांसाच्या गायकांना हरवून पहिला क्रमांक पटकावला होता. 2025 मध्ये तिथल्या न्यायालयाने या पात्रांवर घाणेरडं लिहिणाऱ्याला प्रत्येक सदस्यामागे एक लाख वॉन भरपाई द्यायला लावली. रक्कम किरकोळ, पण निकाल मोठा. चित्राला लाज नसते, माणसाला असते, एवढं त्याने मान्य केलं.

भारतात हा प्रयोग लवकर झाला आणि लवकर आटोपला. निजिसान्जीने 2020 च्या सुरुवातीला नूर, आद्या आणि विहान ही तीन पात्रं आपल्याकडे उतरवली. ती हिंदी-इंग्रजीत बोलत. 2021 मध्ये भारतीय शाखा बंद झाली. चाहते मात्र राहिले. आज फुकट मिळणारी प्रणाली, साधा वेबकॅमेरा आणि हौस एवढ्यावर देशातली काही तरुण मंडळी आपापलं पात्र घेऊन थेट येतात.

आत माणूसच नसेल तर? 'व्हेडल' या टोपणनावाने काम करणाऱ्या ब्रिटिश प्रोग्रॅमरने डिसेंबर 2022 मध्ये ट्विचवर आणलेल्या न्यूरो-सामाचे शब्द यंत्र जुळवतं, आवाजही यंत्राचा. महिन्याभरातच तिच्या तोंडून ज्यूंच्या नरसंहाराबद्दल नको ते निघालं आणि वाहिनीवर दोन आठवड्यांची बंदी आली. आता ती ट्विचवरच्या लोकप्रिय वाहिन्यांत आहे. पण तिच्या सर्वाधिक पाहिल्या जाणाऱ्या प्रसंगांत बहुतेकदा व्हेडल असतोच. तो तिच्यावर वैतागतो, ती त्याला उलट उत्तर देते, तो हताश होऊन हसतो. यंत्राच्या शेजारीही प्रेक्षक माणूस शोधतो आहे.

आणि शेवटी आयर्नमाउस. पोर्तो रिकोची ही कलावंत गुलाबी केसांच्या सैतानकन्येच्या रूपात ट्विचवर येते. तिला ऑपेरा गायिका व्हायचं होतं. पण जन्मजात दुबळ्या प्रतिकारशक्तीच्या आजाराने तिला वर्षानुवर्षं अंथरुणाला आणि प्राणवायूच्या नळीला खिळवलं. सर्दीपडशाची बाधाही जिवावर बेतू शकते, म्हणून घराबाहेर पडणं दुर्मीळ. रूप हा तिच्यासाठी मुखवटा नव्हता, तो घराचा एकुलता एक दरवाजा होता. 2023 मध्ये 'द गेम अवॉर्ड्स'मध्ये तिला वर्षातली सर्वोत्तम आशयनिर्माती म्हणून गौरवलं गेलं. 2024 च्या सप्टेंबरमध्ये सलग चाललेल्या प्रक्षेपणात तिच्या वाहिनीचे सशुल्क सदस्य 3,26,252 वर पोहोचले. तोवरचा तो ट्विचवरचा सर्वांत मोठा आकडा होता.

जुलै 2025 मध्ये तिने आपली कंपनी 'व्हीशोजो' सोडली. आपली मोठी रक्कम थकली आहेच, शिवाय आपल्यासारख्या रुग्णांसाठी काम करणाऱ्या संस्थेसाठी प्रेक्षकांनी दिलेले पाच लाखांहून अधिक डॉलरही संस्थेपर्यंत पोहोचले नाहीत, असं तिने सांगितलं. इतर कलावंतही एकामागून एक बाहेर पडले, कंपनीच्या प्रमुखाने चूक मान्य केली आणि काही दिवसांतच कंपनी बंद झाली.

आयर्नमाउसने त्याच संस्थेसाठी नव्याने निधी गोळा करायला घेतला, या वेळी पैसे थेट संस्थेकडे जातील अशी सोय करून. प्रेक्षकांनी एकदा दिलेले पैसे पुन्हा दिले. थोड्याच दिवसांत निधीने पाच लाख डॉलरचा आकडा ओलांडला.